मोडकं मराठी

आमच्या वडिवळ्यातला रेमीभाऊ मूळचा फ्रान्सचा. तिकडं टीव्हीवर, सिनेमात वेटर, पोस्टमन असली बारकी कामं करायचा. लोणावळ्याला योग शिकायला म्हणून आला आणि शकुबाईच्या खोलीत भाड्यानं राहिला, त्याला चौदा वर्षं झाली. भात लावता लावता मराठी असं शिकला, की शकुबाईशी भांडणात तोच जिंकायचा.

तुंगार्लीच्या बंगल्यात मालिकेचं शूटिंग असलं की त्याला बोलावणं यायचं. काम ठरलेलं, गोरा साहेब. यंदा त्यानं दिग्दर्शकाला विनवलं, “एक वाक्य तरी नीट बोलू द्या.” ते हो म्हणाले. मग काय, तो भाग बघायला सगळी आळी शकुबाईच्या घरात. पडद्यावर ओठ रेमीचे हलले, आवाज मात्र भलत्याचाच आला, “टुम लोक इडर काय करटा?”

शकुबाई म्हणाली, “ह्यो तुजा आवाज न्हाई रं.”

“गोऱ्याचं असं चांगलं बोलणं लोकांना खरं वाटायचं न्हाई म्हणं, मावशी.”

पुढच्या मालिकेत त्याचाच आवाज ठेवणार होते, पण मोडकंतोडकं बोलला तरच. दुसरं काम त्याला देतंय कोण? सकाळी माझ्या ओट्यावर येऊन बसला. “आबा, मला वाईट मराठी शिकवा. येतच न्हाई मला.”

दुपारपर्यंत शिकवलं. ‘भाकर’ला काही त्याला ‘बाकर’ म्हणता येईना.