गेमिंग मोड लावला आणि माझा प्रोग्रामच गायब झाला

मित्रहो, भंगारातल्या ट्रॅक्टरचं स्टीअरिंग, क्लच, ब्रेक आणि सीट मी माझ्या हातानं कॉम्प्युटरला जोडली. पडद्यावर आमच्या आर्णीचा रस्ता दाखवणारा प्रोग्रामही मीच लिहिला, कुठलाही क्लास न लावता. त्यावर मी लोकांना ट्रॅक्टर चालवायला शिकवतो.

शिकवताना मधेच अँटिव्हायरसची सूचना पडद्यावर आली, की शिकणारे दचकतात. म्हणून आज सकाळी त्याचा गेमिंग मोड लावला; त्यात सूचना बंद राहतात. अकरा वाजून दहा मिनिटांनी पडदा बंद पडला. पाहतो तर प्रोग्रामची फाईलच नाही! सहा वर्षांचं काम.

बायको म्हणाली, "काहून असे पांढरे पडले जी? दुसरी कॉपी असंन ना?"

"नाही ठेवली."

"दुनियेले अक्कल शिकवता, अन् सोताचंच असं?"

चाळीस मिनिटांनी फाईल क्वारंटाईनमध्ये, म्हणजे संशयित फाईलींच्या कप्प्यात सापडली. घरी बनवलेला प्रोग्राम अँटिव्हायरसला व्हायरस वाटला आणि गेमिंग मोडमुळे मला न विचारताच त्यानं तो कोंडला. परत आणला. तुम्ही ठेवता का कामाची दुसरी प्रत?

चोरीला जाईल म्हणून मी ठेवलीच नव्हती. गेल्या वर्षी नागपूरच्या एका ड्रायव्हिंग स्कूलवाल्यानं एकच प्रत मागितली होती. मी साफ नाही म्हटलं. ऐंशी हजार देत होता. दिली असती, तर एक प्रत तरी त्याच्याकडे राहिली असती.