आजोबांच्या खोलीचं लॅगिंग

बाळांनो,

गेल्या रविवारी फोनवर तुमच्यापैकी मोठीने सांगितलं, की तिकडे थंडीत नळाचं पाणी गोठून पाइप फुटला आणि दुरुस्तीला आलेल्या माणसाने नव्या पाइपाला लॅगिंग करून घ्या म्हणून बजावलं. "आजी, हा तर आजोबांचा शब्द!" ती म्हणाली. मला बरं वाटलं. मग तिने लगेच विचारलं, की आजोबा इतके आजारी होते, तर नागपूरच्या उन्हाळ्यात त्यांना घरी का ठेवलं, दवाखान्यात का नेलं नाही? तुमचे वडील तिच्या शेजारीच बसले होते. ते काही बोलले नाहीत, आणि मीही विषय जेवणाकडे वळवला.

फोन ठेवल्यावर ते मनातून जाईना. या प्रश्नाचं उत्तर देऊ शकणारी माणसं आता फार उरलेली नाहीत, त्यातली एक मी. म्हणून लिहिते. आधी शब्दाचं सांगते, मग त्या उन्हाळ्याचं.

लग्न झालं तेव्हा मी इंग्रजी घेऊन एम. ए. झालेली होते आणि कॉलेजात शिकवत होते. तरीही तुमच्या आजोबांनी "मी लॅगिंगचं काम बघतो" असं सांगितलं तेव्हा मला काही बोध झाला नाही. ते शहराबाहेरच्या एका वीज केंद्रात सुपरवायझर होते. त्यांनी चहाची किटली पुढे ओढली, तिच्याभोवती टॉवेल गुंडाळला आणि म्हणाले, "हे." गरम वस्तूची गरमी तिच्याजवळच राहावी म्हणून तिच्यावर जे पांघरूण घालतात, ते लॅगिंग. बॉयलरमधून निघालेली वाफ पाइपांतून टर्बाइनकडे जाते. पाइप उघडे ठेवले तर गरमी वाटेतच वाया जाते, आणि चुकून हात लागला तर कातडी तिथेच राहते. म्हणून पाइपावर लोकरीच्या गाद्या, गाद्यांवर तारेची जाळी, आणि सर्वांत वर अ‍ॅल्युमिनियमचा पत्रा.

मला शब्दांचा नाद असल्यामुळे मी पुढे बरंच शोधलं. पूर्वी पिंपाच्या फळ्यांसारख्या लाकडी पट्ट्या बॉयलरभोवती बांधत, त्या पट्ट्यांवरून हा शब्द आला. त्याच वीज केंद्रात कोळशाच्या विभागात गेलं, तर पट्टा फिरवणाऱ्या ड्रमवर चढवलेल्या रबरालाही लॅगिंगच म्हणत. आणि आजोबांच्या हाताखाली एक उमरेडचे गृहस्थ होते. त्यांचे वडील कोळशाच्या खाणीत होते. खाणीत छताचे दगड खाली येऊ नयेत म्हणून टेकूंच्या मागे ज्या फळ्या ठोकतात, ते त्यांच्या वडिलांचं लॅगिंग. "बापानं डोक्यावर केलं, मी पाइपावर करून राहिलो," असं ते सांगत.

आमच्या घरात तर तो शब्द कशालाही चाले. उन्हात शाळेला जाताना तुमच्या वडिलांच्या कानांवरून दुपट्टा बांधताना आजोबा म्हणत, "थांब, लॅगिंग राहिलं."

आता जे सांगायचं ते सुखाचं नाही. आजोबांच्या सुरुवातीच्या काळात त्या गाद्यांत आणि दोऱ्यांत अ‍ॅस्बेस्टॉस असे. जुनं लॅगिंग काढताना त्याचा पांढरा भुगा उडे. संध्याकाळी ते घरी येत तेव्हा केसांत, भुवयांवर पांढरं असे आणि मी विचारी, "आज गिरणीत कामाला होता का?" ते हसत आणि अंगणातच सदरा झटकत. पुढे ते सामान बंद झालं, काचेची आणि दगडाची लोकर आली. ते निवृत्त झाले. त्यानंतर कितीतरी वर्षांनी जिना चढताना त्यांना धाप लागू लागली. छातीची डॉक्टर तरुण मुलगी होती. तिने विचारलं, "काका, काम काय करत होतात?" त्यांनी तो एकच शब्द सांगितला. ती लिहायची थांबली आणि तिने वर पाहिलं. तिला तो शब्द ठाऊक होता, आणि त्या भुग्याने फुप्फुसांचं काय होतं तेही.

त्या हिवाळ्यात ते बरेच दिवस दवाखान्यात होते. घरी आले ते प्राणवायूच्या मशीनसह, आणि आल्या आल्या म्हणाले, "आता परत तिथे नाही. जे व्हायचं ते माझ्या खोलीत होऊ दे." डॉक्टरणीने ऐकून घेतलं, पण एक अट घातली. तापलेल्या खोलीत त्यांना श्वास पुरणार नाही. खोली थंड राहत असेल तर घरी राहावं, नाहीतर मे महिना लागायच्या आत भरती व्हावं.

आमचं घर एकमजली, वर सरळ स्लॅब. नागपुरात दुपारी चार वाजता असल्या स्लॅबखाली उभं राहिलं, की डोक्यावर तवा धरल्यासारखं वाटतं. कूलर लावला की हवा दमट होई आणि त्यांना खोकल्याची उबळ येई. ए. सी. बसवला, पण दुपारी व्होल्टेज पडलं की तो बंद होई, आणि जी काही वीज असेल ती आधी मशीनला लागे. तुमचे वडील रोज फोन करत. "आई, दवाखान्यात सगळी सोय आहे. हट्ट कशाला करतेस?" मी म्हणे, "हट्ट माझा नाही." ते म्हणत, "पण तू त्यांना समजावत नाहीस." ते खरं होतं. मी समजावत नव्हते. दवाखान्यातल्या त्या पलंगावर त्यांचा चेहरा मी पाहिला होता.

चैत्र संपता संपता उमरेडचे ते गृहस्थ भेटायला आले. सोबत नागपूरला लागून असलेल्या वाडी गावात राहणारे आणखी एक जुने सहकारी होते. दोघेही निवृत्त, दोघांच्याही छातीत थोडीफार घरघर. मी चहा टाकताना अटीचं सांगितलं.

"वहिनी, मंग आमाले काहून नाही सांगितलं?" उमरेडचे रागावलेच.

वाडीचे स्लॅबकडे बघत होते. "अबे, जिंदगीभर बॉयलर झाकला. एक खोली नाही झाकत का आपण?"

आतून आजोबांचा आवाज आला, "काचेची लोकर आणाल तर दारातूनच परत पाठवीन!"

"नाही आणत जी साहेब. घाबरता काहून?"

वाडीला सगळी ट्रान्सपोर्टची गोदामं. तिथून वाडीच्यांनी जुनी पोती आणली, फाटक्या ताडपत्र्या आणल्या आणि संत्र्याच्या पेट्यांमध्ये घालतात ते तणस, म्हणजे भाताचा पेंढा, आणलं. पोत्यांत तणस भरून आम्ही अंगणात गाद्या शिवायला बसलो. दाभण माझ्याही हातात दिला.

"वहिनी, टाके लांब लांब पडून राहिले. इंग्रजीत शिवून राहिल्या का?" वाडीच्यांनी चिडवलं.

"इंग्रजीत शिवलं तर तुम्हाला उसवता यायचं नाही," मी म्हटलं. खिडकीतून आजोबा हसले आणि मग बराच वेळ खोकले. आम्ही तिघेही तोवर खाली बघून शिवत राहिलो.

गाद्या छतावर गेल्या. दोघांनी त्या एकमेकींना तारेने आवळून बांधल्या, वरून पांढरी ताडपत्री ताणली आणि कठड्याला घट्ट पिळे घातले. वीज केंद्रात शिकलेली शिस्त होती: कुठे फट ठेवायची नाही, जोडावर जोड येऊ द्यायचा नाही. त्याच शिस्तीत त्यांनी छताखालचे दोन्ही झरोके थर्मोकोलने बुजवले आणि दाराच्या कडेला चिंध्या ठोकल्या. त्या दुपारी खोली खरंच सुसह्य झाली. उमरेडचे उलट्या हाताने स्लॅब चाचपून बघत आणि आमच्याकडे मान हलवत. लॅगिंगवाले असंच तपासतात. उलटा हात टिकला म्हणजे काम पास.

संध्याकाळ झाली, बाहेर वारा सुटला, आणि आत मात्र जीव घाबरा होऊ लागला. आजोबा उठून बसले. कपाळावर घाम, ओठ काळसर. मी दार उघडलं, खिडक्या उघडल्या, टेबलफॅन लावला. थोडं सावरल्यावर त्यांनी दोघांना जवळ बोलावलं.

"काय गा, काय झाकलं तुम्ही?"

"खोली झाकली साहेब."

"खोली नाही. स्टीम पाइप झाकला." ते एकेक शब्द थांबून बोलत होते. "आत मी आहे, ही मशीन आहे. भिंती दिवसभर तापल्या. ही गरमी जाईन कुठून? झरोके बंद. वर आभाळ मोकळं आहे, अन् स्लॅबवर तुमची गादी."

मग वाडीच्यांनी कपाळावर हात मारून घेतला. उमरेडचे उंबऱ्यावरच बसले.

"एकच काम येते जी आमाले," ते म्हणाले. "गरमीले बाहेर नाही जाऊ द्यायचं."

"मालूम आहे. मीच शिकवलं." आजोबांनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. "आता जाऊ दे तिले."

दुसऱ्या दिवशी झरोके मोकळे केले. तारेचे पिळे काढून गाद्यांना नाड्या लावल्या, म्हणजे त्या सुट्या करता येतील. आणि तेव्हापासून असा नेम झाला, की दिवस उगवायच्या सुमाराला गाद्या छतावर पसरायच्या आणि ऊन उतरलं की सगळ्या उचलून कठड्याशी रचायच्या, म्हणजे स्लॅबला आपली गरमी वर सोडता येईल. असं लॅगिंग कुठल्या पुस्तकात नसेल. उमरेडचे विधुर होते. ते वळकटी घेऊन आले आणि आमच्या पुढच्या खोलीत राहिले. वाडीचे स्कूटरवरून सकाळ-संध्याकाळ येत. छतावर त्यांची पावलं वाजत, गाद्या ओढल्याचा आवाज येई, आणि आजोबा पडल्या पडल्या कान देऊन ऐकत. "कोपऱ्यातली राहिली," ते मला हळूच सांगत. मी अंगणात जाऊन ओरडे, "कोपऱ्यातली राहिली म्हणतात!" वरून उत्तर येई, "साहेबाले म्हणा, रिटायर झाले आता तुम्ही!"

डॉक्टरीणबाई एकदा भर दुपारी मुद्दाम आल्या. खोलीत थोडा वेळ बसल्या, मशीनचा आकडा बघितला. "चालेल, काका," म्हणाल्या.

वैशाख तसा निघाला. पण खोली जमली तरी छाती जमेना. जेवण कमी झालं, मग बोलणं कमी झालं. शेवटी शेवटी ते फक्त वरची पावलं ऐकत. नवतप्यातल्या, म्हणजे मे अखेरच्या त्या सर्वांत कडक नऊ दिवसांतल्या, एका दुपारी, बाहेर रस्त्यावर माणूस दिसत नव्हतं तेव्हा, ते गेले. मी शेजारी होते, उमरेडचे पायाशी होते. आजोबांच्या कपाळावर घाम नव्हता. हे मी तुम्हाला सांगते, कारण मी हात लावून पाहिलं.

तुमचे वडील विमानातून उतरून आले तोवर बरंच काही उरकून गेलं होतं. माझ्याशी ते फारसं बोलले नाहीत. संध्याकाळी छतावर आवाज आला, तसे ते वर गेले. मीही मागून कशीबशी जिन्याच्या तोंडापर्यंत चढले. उमरेडचे एकटेच गाद्या उचलत होते.

"काका, आता कशाला?" तुमच्या वडिलांनी विचारलं.

"काहून? वहिनी झोपतीन ना खाली."

तुमचे वडील पुढे झाले. मग वाकून त्यांनी दुसऱ्या गादीचं टोक धरलं. दोघांनी सगळ्या गाद्या रचल्या. परत जाईपर्यंत रोज सकाळी आणि संध्याकाळी ते वर जात होते. दवाखान्याचा विषय त्यांनी माझ्याजवळ पुन्हा काढला नाही. रविवारी ते गप्प का बसले, ते मला ठाऊक नाही. मी त्यांच्या वतीने काही लिहिणार नाही.

तर तुमच्या प्रश्नाचं उत्तर असं. त्यांना घरी राहायचं होतं, आणि आम्ही खोली राहण्याजोगी करू शकलो. दवाखान्यात ते आणखी जगले असते का? मी डॉक्टरीणबाईंना नंतर विचारलं होतं. त्या म्हणाल्या, सांगता येत नाही. मलाही सांगता येत नाही. हा प्रश्न माझ्यापुरता मिटलेला नाही, आणि तुम्ही तो विचारलात याचं मला वाईट वाटलं नाही.

पावसाळ्यात तणस कुजलं. गाद्या उसवून ते बागेत घातलं, ताडपत्र्या वाडीच्यांनी नेल्या. पुढच्या हिवाळ्यात वाडीचेही गेले, तसाच खोकला होऊन. ते गेल्याचं मला कळवलं तेही उमरेडच्यांनीच.

ते आता गावी मुलीकडे असतात. बसस्टँडवरून घरी जाताना धाप लागून त्यांना मधे थांबावं लागतं, पण ते आहेत. उन्हाळा लागला की फोन करून विचारतात, खोली तापते का.