बाबांची मिशी

एक ट्रंक, एक छत्री, साहेबाची एक हॅट. ते आणायला बोटीचं भाडं आणि हमाली धरून दोन रुपये अकरा आणे.

बाबांच्या सिनेमाच्या नोकरीतून घरी आलं ते एवढंच.

आज त्यांची पुण्यतिथी. सकाळी पान वाढलं. कावळा उशिरा शिवला.

मी चौऱ्याऐंशी वर्षांची, जुनी मॅट्रिक. मी सांगतेय, नात टाईप करतेय.

बाबा सिनेमात साहेब व्हायचे. मूकपटांपासून. गोरा रंग, घारे डोळे, उंची भरपूर. कलेक्टर, कॅप्टन, पाद्री. हीरो कोणीही असो, चाबूक बाबांच्या हातात.

नाव पडद्यावर कधी आलं नाही.

साहेबाला मिशी नको, असं कंपनीचं म्हणणं.

आणि आमच्यात बाप जिवंत असताना मुलगा मिशी उतरवत नाही.

पहिल्यांदा बाबा तसेच रत्नागिरीच्या बंदरावर उतरले. ते पावसला घरी पोचायच्या आत बातमी पोचली. शेजारच्या काकू डोळ्यांना पदर लावून अंगणात आल्या. पडवीत आजोबा सुपारी कातरत बसलेले!

"कोण गेलं गो?" आजोबांनी विचारलं.

"तुम्हीच की," काकू म्हणाल्या.

सगळे हसले. आजोबा नाही.

पुढच्या मे महिन्यात बाबा कंपनीची खोटी मिशी लावून आले. विहिरीमागे छोट्या आरशात बघून ती दाबून बसवताना मी त्यांना पाहिलं. मी तेव्हा सात वर्षांची.

"बोलू नकोस हं, बायो."

नाही बोलले.

दुपारी पंगत बसली. गरमगरम भात, वाफाळतं कुळथाचं पिठलं. घामाच्या धारा. आधी एक टोक सुटलं. मग सगळी मिशीच भातावर पडली.

आईचा वाढता हात थांबला.

आजोबा शांतपणे म्हणाले, "माझं तेरावं कधी घातलंस रे? जेवायला तरी बोलवायचंस मला."

"तात्या, पोटासाठी करतो."

"पोटासाठी बापाला मारतोस?"

आजोबा भरल्या पानावरून उठले. त्यानंतर बाबांशी एक शब्द बोलले नाहीत. बाबांची पत्रं यायची, ती न फोडता देव्हाऱ्याखाली ठेवायचे.

आईने लिहिलं, दुसरा पार्ट मागून बघा.

बाबांचं उत्तर आलं : "मागितला. म्हणतात, देशी माणसं दारात पन्नास उभी आहेत. साहेब तू एकटाच."

दोन वर्षांनी आजोबा गेले. ऐन आषाढात, बोटी बंद असताना. कॅप्टनचं काम अर्धं टाकून बाबा कोल्हापूरकडून घाट उतरून आले. पोचले तेव्हा दहावा दिवस.

न्हाव्याने डोकं केलं. वस्तरा ओठापाशी आणला आणि थांबला.

"इथं काय काढू, अण्णा?"



भटजी म्हणाले, "नुसता फिरव. शास्त्रापुरता."

त्याने कोरड्या ओठावरून वस्तरा फिरवला. तेव्हा बाबा रडले. मोठ्याने. मी त्यांना रडताना पाहिलं ते तेवढंच.

मग त्यांनी मिशी वाढवली. आता काढायला कोणाची हरकत नव्हती, तर वाढवली. कंपनीच्या दोन तारा आल्या. तिसरी आली नाही.

राहिलेला जन्म आंब्याच्या कलमांत गेला. सिनेमाचं नाव नाही.

मी एकदाच विचारलं, "बाबा, वाईट वाटतं?"

म्हणाले, "काम मी चांगलं करायचो गो. हे तात्यांना कोणी सांगितलंच नाही."

मी तरी कुठे पाहिलं? आई तिकिटाला पैसे द्यायची नाही. पुढे रिळं शोधायला गेले, तर ती कुठेच नव्हती.

बाबा, दत्तगुरूंनी तुम्हा दोघांना एका पंगतीला बसवलं असेल, असं मी धरून चालते. नमस्कार करते.

आणि जुनी रिळं जपणारं कोणी हे वाचत असेल तर एक विनंती. फिक्या डोळ्यांचा, उंच, बिनमिशीचा साहेब कुठे दिसला, अगदी क्षणभर जरी, तर मला कळवा. फोनवर मला ऐकू येत नाही. साधं कार्ड टाका, उलट टपाली.

डोळ्यांना अजून दिसतंय.