वाटत नाही हो अजिबात

माझ्या अपमानाची जिलबी मी स्वतःच्या पैशानं आणून घरभर वाटली होती. तेव्हा मी पंचविशीत होते आणि स्वतःला फार हुशार समजत होते.

सदाशिव पेठेतल्या एका क्लासात मी मराठी टायपिंग शिकवायचे. भल्याभल्यांच्या वेलांट्या सुधारायचे, त्यामुळे नाक कायम वर. एकदा एका मुलीची आई फी भरायला आली. पावतीवरचं माझं नाव तिनं वाचलं, मग मला न्याहाळलं आणि म्हणाली, "अगंबाई, मुसलमान का तुम्ही? वाटत नाही हो अजिबात!"

मी काय म्हणावं? "थँक्यू." वर लाजलेसुद्धा! जणू बाईंनी मला पैठणीच नेसवली. घरी जाताना अर्धा किलो जिलबी घेतली. आमचे हे सायकलच्या दुकानातून दमून आले होते. त्यांनी सगळी हकिगत शांतपणे ऐकली, जिलबीचा तुकडा मोडला आणि आमच्या घरच्या बोलीत विचारलं, "तो फिर अपन कैसा दिखने का?"

मला वाटलं, या माणसाला कौतुक म्हणून कळत नाही.

पुढं ही गोष्ट मी विनोद म्हणून इतक्यांदा सांगितली की नातवाला ती पाठ झाली. हा नातू आठवडाभर हिंजवडीत कंप्युटरपुढं बसतो आणि सुट्टीच्या दिवशी सिनेमे काढतो. मागच्या वर्षी मित्रांना जमवून त्यानं मोठा पिक्चर करायला घेतला. त्यातला हिरो आयटीतला मुसलमान मुलगा. ऑफिसात एक, घरी दुसरा आणि आरशापुढं उभा राहिला की तिसराच. पैशाच्या नावानं बोंब, म्हणून बिबवेवाडीचं आमचं घर तेच हिरोचं घर, आणि हिरोची दादी मी. रेकॉर्डिंगमध्ये घरघर येते म्हणून पंखा बंद! घामाघूम होऊन बसले होते, तर कॅमेरावाला म्हणतो, "दादी, हातात जपमाळ घ्या ना. फील येईल."

म्हटलं, "बाळा, या वेळेला मी शब्दकोडं सोडवते. फील येत नसेल तर आडवे शब्द सांगायला बस."

शब्दकोडंच राहिलं.

बाकी सगळं पार पडलं, गाडी अडली ती एका प्रसंगावर. टपरीवर चहा पिताना टीम लीडर हिरोला म्हणतो, "अरे, तू मुस्लिम आहेस? वाटत नाही यार!" हिरो म्हणतो, "थँक्स." आणि पुढं? पुढचं काही नातवाला सुचेना. पोरगं जेवताना भिंतीकडे बघत बसायचं.

"माझी गोष्ट चोरलीस, आता माझ्यासारखी त्यालाही जिलबी वाटू दे," मी म्हटलं.

तो हसला नाही. "तुझी नाही दादी, माझी आहे. ऑफिसात मीच म्हटलं थँक्स. आणि अजून रोज त्याच माणसाबरोबर चहा पितो."

इतकी वर्षं रंगवून रंगवून गोष्ट सांगितली, पण तिच्यात उत्तर होतं कुठं? आजीनं नातवाला वारसा दिला काय, तर थँक्यू!

शेवटी तसाच अर्धवट सिनेमा त्यानं एका छोट्या हॉलमध्ये ओळखीच्या लोकांना दाखवला. संपल्यावर माझ्याच वयाच्या एक बाई मुद्दाम मला भेटायला आल्या. आपण सदाशिव पेठेत राहतो हे त्यांनी आधी सांगून टाकलं. मग म्हणाल्या, "काम छान केलंत हो. आणि मराठी किती शुद्ध! मुसलमान वाटतच नाही तुम्ही."

नातू शेजारीच उभा होता. तो आपल्या पायांकडे बघायला लागला. माझ्या जिभेवर सवयीनं थँक्यू आलंच होतं, ते गिळलं.

"आणि तुम्ही किती मोकळेपणानं कौतुक करता हो," मी म्हटलं. "सदाशिव पेठेतल्या वाटतच नाही."

"वाटत नाही म्हणजे? अहो, चार पिढ्या आमच्या तिथं..." बाई तावातावानं सुरू झाल्या आणि मधेच थांबल्या. कानाच्या पाळ्या लाल झाल्या. मग हसल्या, माझा हात दाबला आणि चपला शोधायला निघून गेल्या.

नातवानं मला कोपऱ्यात ओढलं.

"दादी, हे इतकी वर्षं कुठं दडवून ठेवलं होतंस? पिक्चरचं जाऊ दे, मला सोमवारी टपरीवर लागणार आहे."