शहनाईखालचा आवाज

मलकापुरातल्या देवानंदच्या घरी रोज कुणाचं तरी लग्न लागतं. नवरदेवाचा पत्ता नसतो, वऱ्हाडातले निम्मे कधीच गेलेले. देवानंद पूर्वी लग्नाची शूटिंग करायचा. लोकांनी न नेलेल्या नि नकला काढून उरलेल्या मूळच्या साऱ्या कॅसेटी त्याने धान्याच्या कोठीत कडुनिंबाचा पाला घालून ठेवल्यात. बुरशी धरू नये म्हणून वर्षातून एकदा प्रत्येक कॅसेट चालवतो. शेजारी म्हणून आम्ही ती सगळी लग्नं पाठ केली आहेत, निदान जेवण तरी मिळायला हवं होतं.

गेल्या वर्षी त्याची बायको पंचफुला गेली. तेव्हापासून तो बुरशीचं निमित्त सांगून कॅसेटींत तिला शोधतो. पण ती सापडायची कशी? शूटिंगचा मोठा दिवा तीच धरायची, त्यामुळे कॅमेऱ्यात कधी आलीच नाही. सगळा तालुका तिच्याकडे डोळे बारीक करून बघताना दिसतो, ती तेवढी दिसत नाही.

मग मुंबईहून रेवती आली. तिला माहितीपटासाठी जुना कापूस बाजार हवा होता. देवानंदने अभिमानाने वराती दाखवल्या. नवरदेवांच्या मागे बाजार छान दिसत होता, पण आवाज सगळीकडे शहनाईचा. त्या काळी मूळ आवाज पुसून शहनाई भरली नाही तर गिऱ्हाईक कॅसेट घ्यायचं नाही.

"काका, बाजाराचा खरा आवाज कुठंच नाही का?"

देवानंदचा चेहरा उतरला. खरा आवाज म्हणजे त्यात पंचफुलाचाही आला, हे या शहाण्या देवानंदच्या तेव्हा कुठं डोक्यात आलं. मला त्याचा रागही आला आणि वाईटही वाटलं.

एकच कॅसेट शहनाई न भरता राहिली होती. पंगतीत बुंदी कमी पडली म्हणून त्यातलं लग्न मोडलं होतं, आणि मोडलेल्या लग्नाला शहनाई कोण भरणार? ती लावली. संध्याकाळची वेळ, कापसाच्या गाड्यांची रांग आणि मधोमध अडकलेली वरात. घोडं एका गाडीवरच्या पोत्यात तोंड खुपसून सरकी खात होतं, गाडीवाला नवरदेवाकडे भरपाई मागत होता. रेवती तर खुर्चीतून उठलीच. तेवढ्यात नवरदेव कुरकुरला, "वहिनी, लाईट बाजूले घ्या, मले काई दिसून नाई राह्यलं."

पडद्याबाहेरून पंचफुला ठसक्यात म्हणाली, "तुले पाहाचं नाई बापा, दिसाचं हाय."

देवानंद हसला आणि हसता हसता रडायला लागला. रेवतीचं लक्ष बाजारात होतं. ती म्हणाली, चित्र फारच मोलाचं आहे, मधला तो बाईचा आवाज तेवढा काढून टाकता येईल.

"तो नाई काढाचा, पोरी," देवानंद म्हणाला. "बाकीचे समदे म्याच काढले."

आणि त्याने कॅसेट मागे घेतली, नवरदेव कुरकुरतो तिथपर्यंत.