गुन्नार पिंजऱ्यात बसेना

आमच्या शाळेच्या स्वयंपाकघरात अर्लिस ट्वाइटनं एकतीस वर्षं काढली. तीनशे पोरांना ती नुसत्या नजरेनं रांगेत उभं करायची. घरातला एक कुत्रा, गुन्नार, मात्र तिला पुरून उरला.

महिन्याभरात तिच्या खुब्याचं ऑपरेशन होतं. नंतर गुन्नारसारखं धूड पायांत आलं असतं, तर संपलंच. म्हणून तिची मुलगी जोएल तारेचा पिंजरा देऊन गेली होती. "मी रविवारी येते. तोवर हा यात निमूट बसला तर ठीक. नाहीतर त्याला दुसरं घर बघते." मायलो, अर्लिसचा नवरा, गेल्यापासून त्या घरात तिचं बोलणं ऐकणारं गुन्नारशिवाय कोणी नव्हतं.

मंगळवारी मी गेले, तेव्हा पिंजऱ्यात सॉसेजचा तुकडा ठेवला होता. गुन्नारनं मागचे पाय बाहेरच रोवले, मान लांबवली, तुकडा उचलला आणि माघारी आला.

"बघितलंत बाई? रबराचा आहे मेला!"

मग तिनं त्याला ढकलून कडी लावली आणि निरोप घ्यायला लागली. आमच्या गावात पाहुणा खुर्चीतून उठताना एकदा, दारात एकदा आणि गाडीपाशी पुन्हा एकदा निरोप घेतो. अर्लिसनं कुत्र्यालाही सोडलं नाही. "बरं, निघू का मग? घाबरू नकोस हं. निघतेच आता." दारातून ती परत आली. गुन्नारनं गळा काढला. तिनं कडी उघडली.

"अगं, लढाईवर निघालीस का? स्वयंपाकघरात तर जातेस!"

"न सांगता जाऊ? शोभतं का ते?"

"मायलो सांगायचा?"

"त्याचं नाव नका काढू! दिवसभर तोंड मिटून गोठलेल्या तळ्यावरच्या खोपटात मासे धरायला गळ टाकून बसायचा, आणि हा शहाणा त्याच्यामागे निमूट, त्या एवढ्याशा खोक्यात..." ती बोलता बोलता थांबली.

गॅरेजमधून तिनं मायलोची खोपटातली घोंगडी आणि बसायची बादली आणली. मासळीचा वास असा, की मी खिडकी उघडली. घोंगडी पिंजऱ्यात अंथरून, दार उघडंच ठेवून, बादली पालथी घालून ती पाठमोरी बसली. आणि गप्प राहिली. अर्लिस, गप्प! चार मिनिटांत तिचा चेहरा लाल झाला. खुबा दुखत होता ते वेगळंच. दहाव्या मिनिटाला मागे तार खुळखुळली. ती वळणार, तोच मी तिचा खांदा धरला.

पुढचे चार दिवस तेच. आधी दार उघडं, मग लोटलेलं, मग कडी. उठून जायचं ते एक शब्द न बोलता. "बाई, यापेक्षा ऑपरेशन परवडलं," ती रोज कुरकुरायची.

रविवारी जोएल आली. गुन्नार कडीबंद पिंजऱ्यात झोपला होता. जोएल तासभर बसली, मग उठली. "बरं आई, मग मी आता..."

"जा गं! एक शब्द नको!" अर्लिसनं कुजबुजत तिला दाराबाहेर ढकललं.

पोरगी अंगणात फुरंगटून उभी राहिली. मग तिनं काचेतून आत पाहिलं. गुन्नारनं मानही वर केली नव्हती. "राहू दे त्याला," ती काचेपलीकडून ओठांनीच म्हणाली.

अर्लिस स्वयंपाकघरात आली, खुर्चीत टेकली.

"आता बोलू का?"

"बोल."

अंधार पडेपर्यंत ती गुन्नारच्या मूर्खपणाबद्दल बोलत होती. हलक्या आवाजात.