काकूंचं घर आणि कावळा
मी ज्यांच्या गॅरेजवरच्या खोलीत भाड्याने राहते, त्या काकूंनी हे घर घेतलं तेव्हा कॅलिफोर्नियाच्या या किनाऱ्यावर सभ्य माणूस फिरकत नसे. ढोल बडवणारे, चित्रकार, कपड्यांचा फारसा आग्रह नसलेले कवी, आणि मधोमध टाय लावलेले इंजिनिअर काका. गल्लीभर गांजाचा वास. तो धुपाचा समजून शेजारी फारच धार्मिक आहेत, असं काकूंना बरेच दिवस वाटायचं म्हणे. मग भाडी वाढली, कवी गेले, आणि लॅपटॉप घेऊन माझ्यासारखे लोक आले. म्हणजे वस्ती संपलीच.

जुन्यांपैकी उरला समोरचा पांढऱ्या वेणीचा म्हातारा चित्रकार. अजून स्केटबोर्डवरून दूध आणतो.

गेल्या वर्षी घराला गिऱ्हाईक आलं. काकूंचा मुलगा देशाच्या दुसऱ्या टोकाच्या अल्फारेटाहून रोज फोनवर ‘विकून टाक’ म्हणत होता. काकूंनी निर्णय काकांवर सोपवला, म्हणजे वारलेल्या काकांवर. पितृपक्षात त्यांच्या तिथीला कुंपणाच्या भिंतीवर कागदी प्लेट ठेवली: भात, खीर, वडे. कावळा शिवला नाही तर गेलेल्याची इच्छा अडकली आहे असं समजून शब्द द्यायचा, तो पटला की कावळा येतो. मुलगा व्हिडिओ कॉलवर हजर होता. फोन मी धरला होता.

कावळे तारेवर बसून राहिले. समुद्रावरचे सीगल पक्षी तेवढे आले, त्यांना काकूंनी लाटणं उगारून हाकललं. सीगल का चालत नाही, हे मला विचारायचं होतं. पण माझी शाळा इंग्रजी, असलं विचारून अज्ञान कशाला दाखवा.

मुलाच्या सांगण्यावरून काकू हात जोडून ‘विकते’ म्हणाल्या. कावळे ढिम्म. मग जरा हळू आवाजात ‘नाही विकत’ म्हणाल्या.

तेवढ्यात चित्रकार आला, थांबला आणि प्लेटमधला वडा उचलून त्याने तोंडात टाकला. काका त्याला इतकी वर्षं त्याच भिंतीवरून खायला देत, त्यामुळे ही प्लेटही त्याला आपलीच वाटली.

काकू म्हणाल्या, "शिवला."

"आई, दॅट डझन्ट काउंट. तो माणूस आहे."

"तुझ्या बाबांच्या ओळखीचा कावळा होता का एखादा? याच्याशी रोज गप्पा व्हायच्या त्यांच्या. घर नाही विकायचं."

मला त्यांनी आणखी वडे आणायला आत पाठवलं. फोन हातातच होता. स्वयंपाकघरात मुलाने मला विचारलं, "तू तिला जरा समजावशील का?"

मी म्हटलं, नेटवर्क जातंय.